समुद्र न कळणाऱ्या माणसाला तुमच्याकडे काय म्हणतात?

कोरडवाहू:

नमस्कार मंडळी. प्रश्न एका ओळीचा आहे, पण आधी थोडं रामायण ऐकावं लागेल.

मी कुर्डुवाडीची. गेल्या जूनमध्ये बदली होऊन मुरूड-जंजिऱ्याच्या बाजूला एका कोळीवाड्यातल्या शाळेत आले. पटावर १९ मुलं, मुख्याध्यापक आणि मी. त्याआधी समुद्र एकदाच पाहिला होता, डी.एड.च्या सहलीत गणपतीपुळ्याला, तोही साडी सांभाळत पोटऱ्यांपर्यंत. आमचा समुद्र बाजाराच्या दिवशी पोत्यात भरून यायचा. सुकट, बोंबील, जवळा. आई घमेल्यात भाजायची आणि शेजारच्या काकू खिडकी लावून घ्यायच्या.

ऑगस्टात मासेमारीची बंदी उठली तशी मुलांची भाषाच बदलली. चौथीतल्या एकाला मधल्या सुट्टीत विचारलं, "बाबा आज घरी कसे रे?" तर म्हणाला, "बाई, भांग आहे ना." मी चरकले. दोन दिवसांनी पुन्हा विचारलं, पुन्हा तेच, "अजून भांगच आहे." संध्याकाळी त्याच्या घरी गेले. आई दारात कोळंबी सोलत बसली होती. मी आपलं प्रशिक्षणात शिकवतात तसं हळूवारपणे विचारलं, "किती वर्षांपासून घेतात हो?" ती म्हणाली, "कोन? काय?" म्हटलं, "भांग." तिने हातातली कोळंबी टोपलीत टाकली, आधी सासूला हाक मारली, मग जावेला, आणि त्या दोघींना हे पुन्हा सांगताना तिला बोलवेना इतकी हसत सुटली. तेव्हा कळलं की अष्टमीच्या आसपास भरतीला जोर नसतो त्याला भांग म्हणतात, आणि अमावास्या-पौर्णिमेला जोरात येते ते उधाण. आजतागायत मुलाचे वडील रस्त्यात दिसले की लांबूनच ओरडतात, "बाई, आज भांग नाय हो!"

दुसरा प्रसंग. शेतकऱ्यावरचा धडा झाला, मुलांना म्हटलं आता नांगराचं चित्र काढा. १९ पैकी १४ जणांनी गळ काढले. निदान मला ते गळ वाटले. एका मुलीने तर साखळीची कडी न कडी मोजून काढलेली. मी फळ्यावर आमचा नांगर काढून दाखवला, फाळ, इसाड, रुमणं, जू सगळं. ती मुलगी बराच वेळ बघत राहिली आणि म्हणाली, "बाई, ह्याने होडी कशी थांबेल?"

आता मुलं मला शब्द शिकवतात. शाळेच्या व्हरांड्यात एक भित्तिपत्रक करतोय, समुद्र माहीत नसलेल्या माणसासाठी शब्द. माझ्यानंतर जी कुणी बदलून येईल तिला निदान भांग तरी कळावा. अडलंय ते शीर्षकावर. अशा माणसाला म्हणायचं काय? गावात मला "घाटावरची बाई" म्हणतात, पोरं आपापसात "घाटी" म्हणतात. इंग्रजीत लँडलबर आहे म्हणे. मराठीत नेमका शब्द आहे का? आणि "घाटी" लिहिलं तर कुणाला लागेल का?

इंजिनरूमवाला:

ताई, भांगाचा किस्सा वाचून घरात एकटाच हसत बसलो. बायको विचारायला आली, तिलाही वाचून दाखवला.

मी व्यापारी जहाजांवर इंजिनात ३४ वर्षं काढली. गाव रत्नागिरीजवळ. इंग्रजी शब्दाबद्दल आधी एक गैरसमज काढतो. लँडलबर म्हणजे जमिनीवर लव्ह करणारा नव्हे. पुष्कळांना तसं वाटतं, आमच्या एका चीफलाही वाटायचं. लबर हा त्यांच्याकडचा जुना शब्द, अर्थ बेंगरूळ, अंगाने जड, कामाला ढिला माणूस. तो जहाजावर आला आणि त्याच्यामागे जमीन चिकटली.

शिडाच्या मोठ्या जहाजांवर डोलकाठीला उंचावर एक माची असायची. माचीला काठीच्या अगदी लगत भोक असे, त्यातून सरळ वर जाता येई. मुरलेला खलाशी मेला तरी त्या भोकातून जायचा नाही. तो बाहेरच्या दोरांना धरून, पाठ खाली समुद्राकडे करून, उलटा लोंबकळत माचीच्या कडेवरून वर चढायचा. जो घाबरून भोकातून गेला तो लबर. भोकाचं नावच लबर्स होल. होकायंत्रावर जहाजाचं तोंड कुठे आहे ते दाखवणारी रेघ असते, ती लबर लाइन. म्हणजे शिवी देता देता त्यांनी तिच्या नावाने जहाजावर दोन जागा राखून ठेवल्या.

अठराव्या शतकात ब्रिटिश आरमारात तर अडाण्यांची अधिकृत पायरीच होती. सगळ्यात खाली लँड्समन, त्याच्यावर ऑर्डिनरी सीमन, त्याच्यावर एबल सीमन. पगार त्या हिशेबाने. तुमच्या "घाटी"ला तिथे हजेरीपटावर रकाना मिळाला असता.

बाकीचे लोक काय म्हणतात तेही सांगतो, कारण जहाजावर वेगवेगळ्या देशांच्या लोकांबरोबर जेवताना हे विषय निघतातच. जर्मन म्हणतो जमिनीवरचा उंदीर. नॉर्वे-डेन्मार्कचा म्हणतो जमिनीवरचा खेकडा. फ्रेंच, स्पॅनिश आणि इटालियन तिघेही म्हणतात गोड्या पाण्याचा खलाशी. माझं मत या शेवटच्याला. त्यात नुसतं अज्ञान नाही, फुशारकीही येते. तळ्यात होडी फिरवून आला आणि दर्यावर्दी म्हणून मिरवतो असा.

मी स्वतः १९७९ मध्ये पहिल्यांदा विषुववृत्त ओलांडलं. तोपर्यंत माणूस पॉलिवॉग, म्हणजे बेडकाचं शेपटीवालं पिल्लू. ओलांडताना बोसन, म्हणजे डेकवरच्या खलाशांचा मुकादम, वरुणदेव बनून खुर्चीत बसला, आम्हा तिघांना समोर बसवून तोंडाला ग्रीस फासलं, पिठात लोळवलं, मग होजपाइपने धुतलं. त्यानंतर शेलबॅक. ते ग्रीस कानामागून आठवडाभर निघत नव्हतं. कागदाचं प्रमाणपत्र मिळालं होतं, ते पुढे घर रंगवताना गेलं.

आपल्याकडची गंमत वेगळी. जुन्या हिंदी खलाशांच्या बोलीत कळणाऱ्या माणसाला पदव्याच पदव्या. बोसन तो सारंग, त्याच्या हाताखाली टिंडल, सुकाणू धरणारा सुकाणी, कोठी सांभाळणारा कसब, खलाशांचं जेवण रांधणारा भंडारी, झाडलोट करणारा टोपस. गावाकडे होडीवर तांडेल आणि नाखवा. न कळणाऱ्याला मात्र नाव नाही. "दर्यावर्दी"चा उलट शब्द मी आज दुपारभर आठवतोय, सापडला नाही. आमच्याकडे नवख्याला एकच प्रश्न विचारत, "बोट लागते काय?" लागते म्हणाला की कळलं.

वेसावची पोर:

बाई, आधी एक दुरुस्ती. भांगात सगळेच घरी बसत नाहीत. तुमच्या विद्यार्थ्याचे वडील डोलवाले असणार. डोल म्हणजे मोठ्या पिशवीसारखं जाळं, ते समुद्रात खुंटांना बांधून ठेवतात आणि पाण्याचा ओढ मासळी आत ढकलतो. भांगात ओढच नाही, तर जाळ्यात येणार काय? म्हणून ते घरी. तुमच्या बाजारात पोत्यातून जो बोंबील यायचा ना, तो याच डोलीतला. आमच्याकडे बांबूच्या वलांडीवर दोन-दोन बोंबील जबड्यात जबडा अडकवून वाळत घालतात. लहानपणी आम्हाला शाळेतून आल्यावर तेच काम. पुढच्या वेळी आईला सांगा, त्या बोंबलाचा जबडा कुणीतरी हाताने अडकवलेला असतो.

शब्दाचं म्हणाल तर आमच्या घरात वेगळं नाव नाही. आजोबा एवढंच म्हणायचे, "त्याला पाणी कळत नाय." आणि हे ते घाटावरच्याच माणसाला म्हणायचे असं नाही. माझ्या सख्ख्या काकाला म्हणायचे. काका वेसाव्यात जन्मला, बँकेत लागला, आणि पाणी त्याला शेवटपर्यंत कळलं नाही.

पाणी कळतं की नाही याची आजोबांची एक परीक्षा होती, ती तुमच्या भित्तिपत्रकावर घ्याच. तिथी सांगायची आणि भरती किती वाजता ते विचारायचं. तिथीची पाऊणपट करायची. पंचमी असेल तर पाच गुणिले पाऊण, पावणेचार वाजता भरती. अष्टमीला सहा. आज पावणेचार तर पुढची साधारण साडेबारा तासांनी, दुसऱ्या दिवशीची पाऊण तास उशिरा. पाच-दहा मिनिटं इकडेतिकडे होतात, पण घड्याळापेक्षा कालनिर्णयवर आमचं जास्त चालतं. पाढे तुमच्या मुलांना येतच असतील, पावकी-निमकी राहिली असेल.

आणि "घाटी" लिहू नका हो. कोळीवाड्यातली पोरं प्रेमाने म्हणत असतील, मुंबईत तो शब्द ज्याने ऐकून घेतलाय त्याला विचारा.

दादरचा_जावई:

वरच्या ताईंशी सहमत. माझे सासरे साताऱ्याचे, गिरणीत होते. चाळीत "घाटी" ऐकलं की ते पान खाणं थांबवायचे, एवढंच सांगतो.

लांजेकर:

मी रत्नागिरी जिल्ह्यातला, म्हणजे कोकणी. त्यामुळे पुण्यात हॉस्टेलला गेलो तेव्हा सगळ्यांनी धरून चालवलं की याला पोहता येतं, होडी वल्हवता येते आणि माशाचे काटे डोळे मिटून काढता येतात. मला यातलं एकही येत नाही. लांजा समुद्रापासून आत आहे. आमच्याकडे कोकणाचेच दोन भाग करतात, किनाऱ्याची सखल पट्टी ती खलाटी आणि आतला डोंगराळ भाग ती वलाटी. आम्ही वलाटीचे. आजी म्हणायची, खलाटीचे लोक खारे. ते आम्हाला काय म्हणत असतील ते आजीने सांगितलं नाही.

तेव्हा ताई, समुद्र न कळायला घाट चढावा लागत नाही. "वलाटीतला" हा शब्द वापरा, कुणाला लागणार नाही, कारण निम्म्या लोकांना तो कळणारच नाही.

इंजिनरूमवाले काका, नॉर्वेवाल्यांना सांगा की जमिनीवरचा खेकडा ही शिवी आमच्याकडे चालायची नाही. पहिल्या पावसात आम्ही बॅटरी घेऊन त्याच्याच मागे रात्रभर व्हाळात फिरतो. कुर्ल्यांचं सार आणि भात. शिवी कसली, निमंत्रण आहे ते.

क्रेनवाला भाऊ:

मी माळशिरस तालुक्यातला, इरेक्शनची कामं करतो. साखर कारखान्याचे रोलर, बॉयलरचे ड्रम, चिमण्या, सगळं उचलून बसवायचं. समुद्र दोनदा बघितलाय, दोन्ही वेळा लग्नाच्या गाडीतून.

तरी माझं रोजचं बोलणं जहाजावरचं आहे, हे मला दोन वर्षांपूर्वी एका म्हाताऱ्या रिगरने सांगितलं. आम्ही लोड वर घ्यायचा असला की ओरडतो "हाबेस", खाली सोडायचा असला की "आरिया". आरिया, आरिया, आरिया, बास. माझ्या वडिलांनीही हेच ओरडून काम केलं. मला वाटायचं आपल्याच माणदेशी बोलीतलं काहीतरी. म्हातारा म्हणाला, बाबा हे गोदीतलं आहे, खलाशी शीड चढवताना-उतरवताना ओरडायचे. आरिया तर मूळ पोर्तुगीज निघालं, खाली सोड म्हणून. आता उन्हात ४० टनांचा रोलर लोंबकळत असताना पोर्तुगीज बोलतोय म्हटल्यावर जरा बरं वाटतं.

काका, बरोबर आहे का हे?

इंजिनरूमवाला:

शंभर टक्के. विंचवर हात ठेवून मी आयुष्यभर हेच ऐकलं. या बोलीला लस्करी म्हणत, लस्कर म्हणजे जहाजावरचा हिंदी खलाशी. १८११ मध्ये थॉमस रोबक नावाच्या ब्रिटिश अधिकाऱ्याने कलकत्त्यात तिचा शब्दकोशच छापला, कारण त्यांच्या अधिकाऱ्यांना खलाशांचे शब्द कळत नव्हते. तेव्हा भित्तिपत्रकाची कल्पना जुनी आहे, ताई. फरक इतकाच की तिथे न कळणारा साहेब होता, त्यामुळे त्याला कुणी नाव ठेवलं नाही. निदान तोंडावर.

क्रेनवाला भाऊ:

म्हणजे मी खलाशी झालो की नाही?

कोरडवाहू:

सगळ्यांचे आभार. "घाटी" बाद. मुलांना आज वर्गात "त्याला पाणी कळत नाय" वाचून दाखवलं, ते त्यांनी एकमुखाने पास केलं. शीर्षक ठरलं: पाणी न कळणाऱ्यांसाठी. वलाटी-खलाटीही एका कोपऱ्यात लिहिलंय.

तिथीची पाऊणपट मुलांना आधीच येत होती. मला येत नव्हती. पावकी-निमकीचा तास आता ते घेतात.

क्रेनवाले भाऊ, तुमच्या शेवटच्या प्रश्नावर मात्र रात्रभर विचार करत होते, कारण माझे वडील खलाशी होते. खरंच. कुर्डुवाडीच्या रेल्वे वर्कशॉपमध्ये. बार्शी लाइट रेल्वेचं ते जुनं वर्कशॉप, नॅरोगेजचं. रेल्वेत खालच्या पायरीवरच्या मदतनिसाला तेव्हा खलाशीच म्हणायचे, त्यांच्या नेमणुकीच्या कागदावर तसंच लिहिलेलं होतं. लहानपणी शाळेच्या फॉर्मवर वडिलांचा व्यवसाय "खलाशी" लिहिला की नवीन बाई विचारायच्या, "जहाजावर असतात का?" आणि मी अभिमानाने "हो" म्हणायचे. दुसरीपर्यंत मला खरंच वाटायचं की वर्कशॉपच्या भिंतीपलीकडे पाणी आहे.

काल त्यांना फोन केला. म्हटलं, अण्णा, खलाशी हा शब्द समुद्रावरचा आहे, माहीत होतं का? म्हणाले, "ओझी उचलतो तो खलाशी. समुद्राचा काय संबंध?" मग मी काही न सांगता नुसतं म्हटलं, "आरिया." पलीकडून लगेच आवाज, अगदी वरच्या पट्टीत, "सावकाश! सावकाश सोड!" मग दोन सेकंद शांत. मग विचारतात, "तुला कुणी शिकवलं हे?" ७१ वर्षांचे आहेत, निवृत्त होऊन ११ वर्षं झाली.

खोलीचाही विषय निघाला. इथे मुलं पाणी वावांत मोजतात, दोन्ही हात पसरले की एक वाव. अण्णा म्हणाले, आपली विहीर सात परस. परस म्हणजे उभा माणूस. मी मुलांना हे सांगितलं तर एकाला प्रश्न पडला की विहिरीत माणूस उभा आणि समुद्रात आडवा का. मला उत्तर आलं नाही. कुणाला येत असेल तर लिहा.

दिवाळीत आई-अण्णा इकडे येतायत. जंजिऱ्याला राजपुरीहून शिडाच्या होड्या जातात, त्यात बसवायचा विचार आहे. लक्ष्मीपूजनाला अमावास्या, म्हणजे उधाण, पंधराची पाऊणपट सव्वाअकरा. ते नको. भाऊबीज होऊ दे, अष्टमीच्या सुमारास भांग लागला की नेईन. अण्णांना एस.टी.च लागते, बोटीचं काय होतं बघू. आल्याच्या वड्या आणून ठेवल्यात.